कोणाची बाजू घ्यावी तेच कळेना, असं पुस्तक वाचलंय का? (कोकणातले अनुभव)

जगबुडीकाठ
पावसाआधी आम्ही वाचनालयातली पुस्तकं उन्हात घालतो, मग कडुनिंबाचा पाला घालून परत कपाटात. परवा त्यात 'तुंबाडचे खोत'चा पहिला खंड हाताला लागला आणि आजी डोळ्यांसमोर आली.

आमचं घर कुळाचं, दुसऱ्याची जमीन कसणारं. पणजोबा खोताकडे, म्हणजे गावचा सारा वसूल करणाऱ्या वतनदाराकडे, वेठीला जायचे. बाबासाहेबांनी 1937 साली मुंबईच्या विधिमंडळात खोतीविरुद्ध विधेयक आणलं, ही गोष्ट आमच्याकडे लहान पोरांनाही ठाऊक होती. खोती कायद्याने जायला पुढे 1949 उजाडलं. आजीला वाचता येत नव्हतं. दुपारी भांडी झाली की ती माजघरात आडवी व्हायची आणि मी श्री. ना. पेंडशांची ती कादंबरी मोठ्याने वाचायची. मला वाटायचं, आता आजी खोतांना शिव्या घालणार. तर ती खोतांच्या घरातल्या बायकांसाठी पदर डोळ्यांना लावत होती. मी चिडून म्हटलं, "आजी, ह्यांनीच नाडलं ना आपल्याला?" म्हणाली, "नाडलं ना. पण ती बाय तरी कुठं सुटली?"

त्या दिवसापासून खोतांबद्दल बोलताना माझी जीभ अडखळते. राग गेलेला नाही, जाऊही नये. पण त्याच्या शेजारी आजीचं ते वाक्यही येऊन बसलंय.

राजकारण असो, आपण कोण हा प्रश्न असो, निसर्ग असो, हेरगिरी असो. ज्या पुस्तकाने असं पेचात टाकलं आणि तोच पेच घरात किंवा गावात समोर होता, ते लिहा. परीक्षण नको, अनुभव हवेत.

सुपारी_दिवेआगर
ताई किती सुंदर लिहिलंत. आजींना नमस्कार सांगा.

जगबुडीकाठ
आजी गेली हो. पण पोचला नमस्कार.

हापूसवाला
आमच्याकडे फवारणी. तोच पेच, दरवर्षी.

रेचेल कार्सन यांचं 'सायलेंट स्प्रिंग', 1962 चं. कृषीच्या शिक्षणात नाव ऐकलेलं, वाचलं मात्र बाग अंगावर पडल्यावर. डीडीटीने पक्षी कसे मेले ते वाचताना बाबांची खोकल्याची उबळ कानात होती. पहाटे वारा पडलेला असतो तेव्हा पंप सुरू करायचा, नळी धरून कलमावर चढायचं, तोंडाला फडकं. औषध अंगावर उडतंच.

मोहोर आला की तुडतुडे, मग फुलकिडे. नाही मारलं तर मोहोर काळा पडून गळतो. मारलं तर फुलावरच्या माश्याही मरतात, आणि त्या नसतील तर फळ धरत नाही. हे दोन्ही मी स्वतःच्या बागेत बघतो. सोसायटीचं कर्ज डोक्यावर, माणूस काय करील? कल्टार घातलं की मोहोर लवकर आणि नेमाने येतो, पण काही वर्षांनी कलम थकलेलं दिसतं.

एक गोष्ट मात्र सांगतो. कार्सनबाईंनी सगळी औषधं बंद करा असं लिहिलेलं नाही. न बघता, सरसकट ओतू नका असं त्यांचं म्हणणं. आमच्याकडे त्यांचं नाव घेऊन दोन्ही बाजू भांडतात, पुस्तक उघडत कोणीच नाही. मी आता फुलोरा उघडलेला असताना फवारत नाही. फळ थोडं डागी येतं. दलाल भाव पाडतो. पाडू दे.

राजापूरची_गंगा
डागी आंबा घरपोच देता का? आम्हाला डागाचं काही नाही, खाण्याशी मतलब.

हापूसवाला
पुढच्या सीझनला नक्की ताई.

वाड्यावरचा
जगबुडीकाठ ताई, मी पलीकडच्या घरातला. खोतांचा.

तुमचं वाचून बराच वेळ काही लिहिता येईना. मी 'तुंबाडचे खोत' वसतिगृहात वाचली. आमच्या घरात 1 एप्रिल 1957 ही तारीख दुखवट्यासारखी होती, कूळकायद्याने कुळं मालक झाली तो दिवस. आजोबा त्या दिवसाचं नाव काढलं की उठून जायचे. घरात एक विधवा काकूआजी होती, तिच्या वाटणीची जमीन कुळाकडे आणि तेवढाच तिचा आधार. तो गेला. शेवटपर्यंत दुसऱ्यांच्या चुलीवर राहिली बिचारी.

कादंबरी वाचेपर्यंत मला एवढंच माहीत होतं. पेंडशांनी खोतांचा माज, बाहेरख्यालीपणा, कुळांवरचा जुलूम काहीच लपवलेलं नाही. माझ्याच घरातली माणसं दिसत होती त्यात. कायदा झाला तो योग्यच झाला, हे मी आजोबांच्या तोंडावर म्हणालो. आणि काकूआजीला कोणी विचारलं नाही, हेही खरंच आहे. तिला आधी घरातल्या पुरुषांनी विचारलं नव्हतं, मग कायद्याने. तुमच्या आजीला हे पहिल्या वाचनात कळलं, मला फार वर्षं लागली.

जगबुडीकाठ
दादा, रडवलंत. काकूआजींबद्दल अजून लिहा कधीतरी.

अष्टागर
खोतीचा विषय निघालाय तर चरीचा संप विसरू नका. अलिबागजवळ चरीच्या शेतकऱ्यांनी 1933 पासून सहा वर्षं जमिनी पेरल्या नाहीत. नारायण नागू पाटील पुढारी होते. माझी पणजी त्या काळात डोंगरातून मोळ्या आणून विकायची.

विषय सोडून आणखी एक, राहवत नाही म्हणून. आमच्या शेजारी बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या ज्यूंचं, कुटुंब होतं. आमच्याकडे त्यांना शनिवार तेली म्हणत, शनिवारी घाणा बंद म्हणून. आडनाव गावावरून, भाषा मराठी, साडी नऊवारी. सगळे इस्रायलला गेले. जाताना आजोबा आईला म्हणाले, "तिथं आम्हाला हिंदी म्हणतील." पुस्तकाचं नाव नाही माझ्याकडे, पण आपण कोण हा प्रश्न म्हटला की मला तेच घर दिसतं.

हर्णै_बंदर
सलाम सर्वांना. मी पेंडशांच्याच 'एल्गार'बद्दल लिहिते. 1949 ची, त्यांची पहिली कादंबरी. बंगालमधल्या नोआखालीच्या हिंदू-मुसलमान दंगलीच्या बातम्या आपल्या दापोलीकडच्या गावात येऊन पोचतात आणि पिढ्यान्‌पिढ्या शेजारी राहिलेली माणसं एकमेकांकडे वेगळ्या नजरेने बघू लागतात.

मला ती शाळेतल्या बाईंनी वाचायला दिली. वर्गात मी एकटी मुसलमान मुलगी. आधी तर उघडायलाच भीती वाटली, की आपली माणसं कशी दाखवली असतील. आमच्या घरी कोकणी बोलतात, तांदळाची भाकरी, खाजणातली मासळी, अब्बा आखातात. मी मराठी शाळेत आणि चुलतबहिणी उर्दू शाळेत. त्या मला म्हणायच्या तू त्यांच्यातली झालीस, आणि इथे वर्गात कोणी विचारायचं, क्रिकेटला तू कोणाकडून?

वाचताना काही पानांवर वाटलं, हा लेखक आमच्या ओटीवर बसून गेलाय. काही पानांवर वाटलं, नाही, हे बाहेरून बघितलंय. दोन्ही वाटलं. बाईंनी विचारलं कशी वाटली, तर मी म्हटलं, बाई, संपली तरी कोणाचं चुकलं ते सांगता येत नाही. बाई म्हणाल्या, मग नीट वाचलीस. बाईंनी हे पुस्तक वर्गातल्या सगळ्यांना द्यायला हवं होतं असं मला आजही वाटतं, फक्त मला नाही.

सुपारी_दिवेआगर
शेवटचं वाक्य अगदी खरं आहे. क्रिकेटचा प्रश्न विचारणाऱ्यांना काय म्हणावं. सॉरी गं.

शिडाची_होडी
फोनवरून लिहितोय, चुका सांभाळून घ्या. हेरगिरी.

जॉन ल कारे, 'द स्पाय हू केम इन फ्रॉम द कोल्ड'. 1963 चं, बर्लिनची भिंत उभी राहिल्यावर दोन वर्षांनी आलेलं. लेखक स्वतः ब्रिटिश गुप्तहेर खात्यात होता. (शेवट सांगतोय, वाचायची असेल त्यांनी हा परिच्छेद सोडा.) ज्याला संपवायला नायकाला पाठवतात, त्यालाच वाचवायचा डाव त्याच्याच वरिष्ठांनी रचलेला असतो. बळी जातो तो समोरच्या बाजूचा त्यातल्या त्यात सरळ माणूस.

माझा काका तांडेल, म्हणजे मच्छीमार बोटीचा कप्तान. 1993 ला शेखाडीला स्फोटकं उतरली तेव्हापासून आमच्या किनाऱ्यावर प्रत्येक बोटीकडे संशयाने बघतात. मग 2008, मुंबईवरचा हल्ला. अतिरेक्यांनी पोरबंदरची 'कुबेर' पळवली, तिच्या तांडेलाला मारलं. काका दोन दिवस जेवला नाही. तांडेल म्हणजे आपल्यातलाच ना. पुढे ओळखपत्रं आली आणि मच्छीमारांना सांगणं आलं की तुम्ही समुद्रावरचे डोळे-कान, अनोळखी काही दिसलं तर कळवा.

अनोळखी दिसलं तर सोपं आहे हो. काकाला दिसली ओळखीची बोट. अंधारात दिवे बंद, दुसऱ्या बोटीतून डिझेलचे कॅन घेताना. शेजारच्या घरातला पोरगा, बाप वारलेला, बहिणीचं लग्न ठरलेलं. कळवलं तर पोरगा आत. नाही कळवलं तर उद्या त्याच वाटेने डिझेलऐवजी काय येईल? काकाने त्याला घरी बोलावलं, ताटावर बसवलं आणि जेवताना एवढंच विचारलं, "कॅनात काय आहे ते तू उघडून बघतोस काय रे?" पोराचा घास हातात राहिला. ते काम सोडलं त्याने. काकाने केलं ते कायद्यात बसत नाही, मला माहीत आहे. पण ल कारेच्या पुस्तकातल्या साहेबांपेक्षा माझ्या काकाला माणूस जास्त कळला.

खाडीपलीकडे
बापरे. काटा आला अंगावर.

राजापूरची_गंगा
हेरकथा म्हटलं की आमचे बाबूराव अर्नाळकर! हजाराच्या वर रहस्यकथा. मामा सुट्टीत गोणीभर आणायचा. तुमचा आवडता नायक कोण, झुंझार की काळा पहाड?

सुपारी_दिवेआगर
झुंझार!!

वाड्यावरचा
काळा पहाड. अंगणात खाटेवर, कंदिलाच्या उजेडात.

बांद्याचो
माका अमिताव घोषांचा 'द हंग्री टाइड' वाचून झोप नाय इली. सुंदरबनात वाघ गोठ्यात अडाकता, गावची माणसा तेका जाळतत आणि ती डॉल्फिनचो अभ्यास करणारी पोरगी किंचाळता. थांबवूक जाता तर तिकाच मागे ओढतत. आदी माका माणसांचो राग इलो. मगे मावशीची आठवण इली.

मावशी दोडामार्गात. 2002 च्या सुमाराक कर्नाटकातसून हत्ती इले, ते येतच रवले. एका रात्रीत माड आडये, केळी चिरडलेली. मावशी सकाळी बागेत उभी, डोळ्यांत पाणी, आणि हत्तीच्या पावलाच्या ठश्याक हात जोडी. गणपती मरे तो! नुकसानभरपाईचो कागद खंयच्या खंय फिरता.

त्याच पुस्तकात मरीचझापीचा हा. 1979 साली जंगल राखूचा म्हणान निर्वासितांक बेटावरसून हुसकावल्यानी, माणसा मेली. वाघासाठी माणूस काढूचो? माणसासाठी हत्ती मारूचो? मावशी म्हणता, दोगांक पोटा असत. कोणी पुण्या-मुंबयसून येऊन माका शिकवूक नको, एवढाच.

खाडीपलीकडे
मालवणी वाचून बरं वाटलं. मावशींना भरपाई मिळाली का?

बांद्याचो
नाय अजून.

तालुका_वार्ताहर
'सिंहासन', अरुण साधू, 1977. सिनेमा सगळ्यांनी बघितलाय, कादंबरी वाचा. त्यातल्या पत्रकार दिगू टिपणीसला सगळं माहीत असतं. छापायचं किती, हा प्रश्न. आमच्याकडे वाळूउपशाची बातमी होती आणि उपसा करणारा माझा शाळेतला दोस्त. बातमी दिली. दोस्ती गेली. खाडीचा काठ अजून ढासळतोय. जास्त लिहीत नाही, बंदोबस्ताची बातमी पाठवायचीय.

कातळसडा
मी पहिल्यांदाच लिहितेय. इब्सेनचं 'अॅन एनिमी ऑफ द पीपल', 1882 चं नाटक. गावाला पैसा देणारे औषधी स्नानकुंड, त्यातलं पाणी दूषित असल्याचं डॉक्टरला कळतं. तो सांगतो आणि अख्खं गाव त्याच्यावर उलटतं. सत्यजित राय यांनी 1989 ला त्यावरून 'गणशत्रू' सिनेमा केला, त्यात देवळाचं चरणामृत आहे.

लोकांना डॉक्टर आठवतो. मला त्याचा भाऊ आठवतो, नगराध्यक्ष. कारण आमच्याकडे भाऊच आहे. सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर, एका प्रकल्पासाठी मोजणी आली. मी विरोधात. त्या सड्यावर पावसाळ्यात कातळफुलं येतात, कातळशिल्पं आहेत, उन्हाळ्यात विहिरीला जे पाणी असतं ते त्याच कातळात मुरलेलं. भाऊ बाजूने. त्याची दोन्ही मुलं मुंबईत दहा बाय दहाच्या खोलीत, नोकरी इथे मिळाली तर म्हातारपणी घरात कोणीतरी असेल, एवढंच त्याचं म्हणणं. तो विकला गेलेला नाही. मला मोर्चात बायका म्हणायच्या, तुझा भाऊ दलाल. माझा भाऊ दलाल नाही हो. आणि तो मला विकासाची वैरीण म्हणतो ते ऐकूनही पोटात तुटतं.

नाटकात डॉक्टर शेवटी म्हणतो, जगात सगळ्यात बलवान माणूस तो, जो एकटा उभा राहतो. ते मला पटत नाही. वाडीत एकटं उभं राहून चालत नाही. मयताला, लग्नाला, भातलावणीला माणूस लागतो.

हर्णै_बंदर
भाऊ बोलतो का तुमच्याशी?

कातळसडा
बोलत नव्हता. हा धागा वाचून मी काल फोन केला, नाटकाची गोष्ट सांगितली. गप्प बसून सगळी ऐकली. मग म्हणाला, गणपतीत वाडीत हेच करू. अट एकच घातली: डॉक्टर तो होणार आणि नगराध्यक्ष मी.

शिडाची_होडी
व्वा! कराच ताई.

वाड्यावरचा
तालमीला जागा हवी असेल तर सांगा. आमच्या ओळखीचं मंगल कार्यालय चातुर्मासात रिकामंच असतं, पंख्याचं बिल तेवढं द्यावं लागेल.