गणेशोत्सवातील स्ट्रिंग क्वार्टेटच्या कार्यक्रमाविषयी

सचिव: सर्व सभासदांना नमस्कार. गणेशोत्सवातील शनिवारी सायंकाळी नेहमीच्या ऑर्केस्ट्राऐवजी पुण्याहून स्ट्रिंग क्वार्टेट, म्हणजे दोन व्हायोलिन, एक व्हिओला (व्हायोलिनहून थोडे मोठे वाद्य) आणि एक चेलो (खुर्चीवर बसून वाजवायचे आणखी मोठे वाद्य) वाजवणाऱ्या चौघांचा संच बोलवावा, असा सांस्कृतिक समितीचा प्रस्ताव आहे. हे कलाकार चित्रपटगीते वाजवतात आणि वाजवताना अभिनयही करतात. कृपया मते मांडावीत.

ए विंगमधील काका: कार्यक्रमाला माझा विरोध नाही, पण हायडनसारख्या युरोपीय संगीतकारांचे हे वादन शांतपणे बसून ऐकण्याचे मानले जाते. त्यात सिनेमाची गाणी आणि वर हावभाव कशासाठी? कच्चे वादन झाकायला हावभाव उपयोगी पडतात, हे मी पुष्कळदा पाहिले आहे.

सी विंगमधील ताई: काका, शंका रास्त आहे, परंतु या चौघांपैकी प्रत्येकाच्या वाट्याला स्वतंत्र स्वरावली असते, ऑर्केस्ट्रात एखादा चुकला तर की-बोर्ड आणि ढोलक सांभाळून घेतात, इथे सांभाळणारे कोणी नसते, त्यामुळे कच्चेपणा लगेच ऐकू येतो. गाण्यांविषयी म्हणाल, तर १९६५ मध्ये बीटल्स या इंग्लिश बँडच्या ‘यस्टरडे’ या गाण्याला गिटारसोबत स्ट्रिंग क्वार्टेटचीच साथ होती, आणि २००५ मध्ये आशाताईंनी अमेरिकेतील क्रोनोस क्वार्टेटबरोबर आर. डी. बर्मन यांची गाणी नव्याने गायली, तेव्हा तबल्यावर झाकीर हुसेन होते.

अभिनयाचे मूळही वादनातच आहे. या संचाला समोर उभे राहून हाताने इशारे देणारा संचालक नसतो. पहिला व्हायोलिनवादक मान उचलून, श्वास घेऊन इशारा देतो आणि बाकीचे त्याच्याकडे पाहून एकाच क्षणी गज टेकवतात. हे कलाकार त्याच नजरानजरेचे नाट्य करतात, एकमेकांच्या हातची चाल हिसकावून घेतात, रुसतात, चेलोच्या लाकडी अंगावर हाताने ठेका धरतात. पैठणच्या नाथांची भारुडे वासुदेवाचे, जोशाचे सोंग घेऊन रंगतात, म्हणून त्यांतला अर्थ उणा होत नाही, हे आपल्या मराठवाड्यात वेगळे सांगायला नको.

बी विंगमधील वहिनी: ताई, मंडप उघड्यावर आहे. आवाज मागच्या रांगांपर्यंत पोहोचेल का? नाहीतर पुन्हा मोठे स्पीकर आणावे लागतील.

सी विंगमधील ताई: वहिनी, उघड्यावर तंतुवाद्यांचा आवाज विरून जातो, म्हणून क्लब हाउसच घ्यावे असे मला मनापासून वाटते. तिथे मुलांना अगदी पुढे बसवता येईल, आणि व्हायोलिन व चेलो यांच्या मधला व्हिओलाचा काहीसा गडद आवाज त्यांना वेगळा ओळखता येईल. चेलोवादकासाठी हात नसलेली खुर्ची लागेल; चेलोखालची टोकदार सळई फरशीवर घसरते, तेव्हा जाड सतरंजीही हवी. वाद्ये मात्र दुपारच्या उन्हात गाडीत ठेवू देऊ नयेत, कारण उष्णतेने लाकडाचे जोड सुटतात.

ए विंगमधील काका: ताई, पटले. फक्त एक गाणे तरी त्यांनी हावभावांविना वाजवावे, ही माझी आग्रहाची विनंती कळवावी.

सचिव: काकांची विनंती कलाकारांना आजच कळवतो. क्लब हाउसमध्ये सर्वांची सोय होणार नाही, म्हणून एकाच सायंकाळी दोन प्रयोग शक्य आहेत का, हेही विचारतो. बी विंगने सतरंज्यांची जबाबदारी घ्यावी.