अळी दिसली की चिरडू नका: रानातले, परसातले किड्यांचे अनुभव सांगा

सातारा, गच्चीवरची बाग
चवळीच्या शेंड्यांवर काळा मावा, म्हणजे रस शोषणारे बारीक किडे, आला. त्यातच काळ्या, केशरी ठिपक्यांच्या, सुसरीसारख्या अळ्या फिरत होत्या. ह्याच रोग आणतात असं समजून रोज बोटानं चिरडल्या. मावा मात्र वाढतच गेला. पुढं कळलं, ती लेडीबर्ड ढालकिड्याची पिल्लं, मावा खायलाच आलेली. अजून जिवाला लागतं. तुमच्याकडं असं काही घडलंय का?

वाळवा, ऊस
२००२ साली लोकरी मावा आला तेव्हा पानाखाली नुसती पांढरी लोकर, वर माव्याच्या अंगातून गळणारा गोड चिकटा, त्यावर काळी बुरशी. उंच उसात पंप घेऊन शिरायचं म्हणजे पात्यांनी अंग कापून निघायचं, आणि औषध पानामागं पोचायचंच नाही. शेवटी डिफा, म्हणजे मावा खाणारा मित्रकिडा, त्याच्या अळ्या-कोष असलेली पानं दुसऱ्याच्या फडातून आणून आमच्या उसाला टाचली आणि फवारणी बंद ठेवली. वडील दोन आठवडे बेचैन होते. मग लोकर विरळ होताना दिसली. मायक्रोमस नावाचा किडाही हे काम करतो.

तासगाव, द्राक्ष
ताई, तुमची चूक आम्हीही केली. द्राक्षाचा रस शोषणाऱ्या पिठ्या ढेकणावर त्याला खाणारे क्रिप्टोलिमस भुंगेरे सोडले. त्यांची अळी पिठ्या ढेकणासारखीच पांढरी! मजुरांनी पुसून काढली. ओळख अशी: ती मोठी असते, अंगावर मेणाचे लांब धागे असतात आणि ती भराभर चालते. खोडावरच्या मुंग्या आधी आवरा. चिकट्यापायी त्या ढेकणाची राखण करतात, मित्रकिड्यांना हुसकावतात.

खटाव
हुमणी, म्हणजे पिकाची मुळं खाणारी अळी, तिचं काम गावानं मिळूनच करावं. वळीव पडला की अंधार पडता पडता तिचे भुंगेरे कडुनिंबावर, बाभळीवर जमतात. फांद्या हलवून पाडायचे, रॉकेलच्या पाण्यात टाकायचे. एकट्यानं केलं तर शेजारच्या रानातनं पुन्हा येतात.

कोरेगाव, परसबाग
दोडक्याला फळमाशी. क्यू ल्युरचा, म्हणजे माशीला ओढणाऱ्या वासाचा, सापळा लावला तरी फळं सडतच होती, कारण त्यात फक्त नर सापडतात आणि गळलेली फळं मी वेलाखालीच ठेवत होते. अळ्या तिथंच मातीत कोषात जायच्या. आता किडकं फळ रोज वेचून नष्ट करते. फरक पडलाय.

सातारा, गच्चीवरची बाग
तासगावकर दादा, मुंग्यांचं लक्षातच आलं नव्हतं. आज चवळीच्या पानामागं पिवळ्या, उभ्या अंड्यांचा पुंजका सापडला, ढालकिड्याचाच. कुंडीला चिठ्ठी बांधलीय, घरात कुणी हात लावू नये म्हणून.