बघे की वऱ्हाडी?

'राज्यकर्ते तमाशे दाखवून लोकांना गप्प बसवतात' असं म्हणतात, ते मला अर्धंच पटतं. आमच्या सोलापुरात संक्रांतीला सिद्धेश्वरांच्या गड्ड्याची यात्रा असते. सात नंदीध्वज (मिरवणुकीत नाचवायच्या उंच काठ्या), संमती कट्ट्यावर सिद्धेश्वरांच्या प्रतीकात्मक लग्नाचा अक्षता सोहळा. तिथं कुणी नुसता बघ्या नसतो. 'सत्यम सत्यम दिड्डम'च्या गजरात पांढऱ्या बाराबंदीतली माणसं अक्षता टाकतात, म्हणजे सगळे वऱ्हाडीच! (पुढं शोभेचं दारूकाम असतं, तेव्हा मात्र आम्हीही माना वर करून नुसते बघे.)

आता दुसरी बाजू. १८५७ च्या उठावात इंग्रजांनी बंडवाल्यांना भर मैदानात तोफेच्या तोंडी दिलं, दहशत बसावी म्हणूनच. पण सोलापुरातल्या १९३० च्या मार्शल लॉनंतर (म्हणजे लष्करी अमलानंतर) इथल्या चार स्वातंत्र्यसैनिकांना, मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना फाशी दिली ती येरवड्याच्या तुरुंगात, १२ जानेवारी १९३१ ला. सोलापूरच्या चौकात नाही. माझ्या मते तोवर सरकारला गर्दीचीच धास्ती वाटू लागली होती. मार्शल लॉत गांधी टोपी घातली तरी गुन्हा होता, यातच काय ते आलं. साधीशी टोपी, पण ती हजार डोक्यांवर दिसली की तोही देखावाच की!