खऱ्या खुनावर सिनेमा: मृताच्या घरच्यांना विचारावं का?

रातराणी: ‘माफीचा साक्षीदार’ पुन्हा पाहिला. पुण्यातल्या १९७६-७७ च्या जोशी-अभ्यंकर हत्याकांडावर बेतलेला. चौघांना १९८३ साली फाशी झाली, सिनेमा आला १९८६ मध्ये. तेव्हा खटला संपला होता, नातलगांचं दुःख थोडंच संपलं असेल! अशा सिनेमांत खुन्याला बालपण मिळतं, स्वभाव मिळतो. जो मेला त्याच्या वाट्याला एक किंकाळी आणि पांढरी चादर. निदान पटकथा तरी घरच्यांना आधी दाखवावी.

उंबरठा: साफ विरोध. तामिळनाडूतला खुनी ऑटो शंकर याच्या आत्मकथेवरून झालेल्या राजगोपाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्येच सांगितलंय, न्यायालयाच्या कागदपत्रांत आलेलं छापायला कुणाची संमती लागत नाही. शिवाय कितीतरी खून घरातल्यांनीच केलेले असतात. हुंडाबळीवर सिनेमा काढायचा तर सासरच्यांना विचारायचं?

रातराणी: त्याच निकालात लैंगिक अत्याचार आणि अपहरण झालेल्यांची नावं वगळायला सांगितलंय. म्हणजे मर्यादा न्यायालयालाही मान्य आहे. आणि मी संमती म्हटलंच नाही, दाखवा म्हटलं.

गारगोटी: नावं बदलली की प्रश्न मिटतो.

रातराणी: नाही मिटत. १९५९ च्या नानावटी प्रकरणावरून (नौदल अधिकाऱ्याने बायकोच्या प्रियकराला गोळ्या घातल्या, ते) २०१६ मध्ये ‘रुस्तम’ आला. नावं बदलली, पण प्रकरण कुठलं हे सगळ्यांना ठाऊक. त्यात मेलेल्या माणसाच्या माथी संरक्षण व्यवहारातला भ्रष्टाचार मारला. मूळ खटल्यात असलं काही नव्हतं. गोळी झाडणारा देशभक्त ठरला. मेलेला माणूस अब्रुनुकसानीचा दावा लावू शकत नाही, म्हणून त्याच्याबद्दल काहीही रचायचं? मला हे भयंकर वाटतं.

उंबरठा: ‘रुस्तम’बद्दल तुझं पटलं. तरी नियम नको. १९९३ च्या बॉम्बस्फोटांवरचा ‘ब्लॅक फ्रायडे’ आरोपींनी कोर्टात जाऊन अडवला. टाडा या दहशतवादविरोधी कायद्याच्या विशेष न्यायालयाचे निकाल लागल्यावर, २००७ मध्ये तो लागला. खटला चालू होता, त्यामुळे ते समजू शकतो. पण आणखी एक दार उघडलंस तर निर्माते अवघड प्रकरणांना हातच लावणार नाहीत. आज दाखवा, उद्या वकिलाची नोटीस.

रातराणी: नोटीस न दाखवताही येतेच. आणि हुंडाबळीत कुणाला दाखवायचं हे शोधावं लागत नाही. बहुतेक वेळा फिर्याद मुलीच्या बापाने किंवा भावाने दिलेली असते. नाव एफआयआरच्या पहिल्या पानावर असतं.