जामीन मंजूर, पण जामीनदार नाही. कच्चा कैदी बाहेर कसा काढायचा?

सह्याद्री_७: चोरीसारख्या गुन्ह्यात पंधरा-वीस हजारांचा जामीन मंजूर होतो, पण माणूस परजिल्ह्यातला. सातबारा नाही, ऐपतीचा दाखला देणारा नातेवाईक नाही. महिने जातात आणि तो आतच. कारागृहात अर्ज लिहून देणाऱ्या स्वयंसेवकांनी सुरुवात कुठून करावी?

काळा_कोट: आदेशाच्या तारखेपासून. 31 जानेवारी 2023 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्देशांनुसार जामीन मिळून 7 दिवसांत सुटका झाली नाही, तर तुरुंग अधीक्षकाने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवायचं असतं. महिनाभरात जामीनदार हजर झाला नाही, तर अट शिथिल करायची का हे न्यायालय स्वतःहूनही पाहू शकतं. पण त्याची वाट बघत बसू नका. प्राधिकरणाचा वकील कोठडीतल्या कोणालाही फुकट मिळतो, उत्पन्नाची अट नाही. हेल्पलाइन 15100.

अट शिथिल करण्याचा अर्ज जामीन देणाऱ्याच न्यायालयात करा. तिथे नाही झालं तर सत्र न्यायालयात, बीएनएसएस (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) कलम 484 (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं 440) खाली. मागणी नेमकी हवी: जातमुचलक्यावर (जामीनदाराशिवाय, आरोपीच्या स्वतःच्या हमीवर) सोडा, किंवा तूर्त रोख भरून घ्या आणि जामीनदारासाठी चार आठवडे द्या. नुसतं ‘आरोपी गरीब आहे’ लिहिलं की अर्ज पडतो. रोजची मजुरी, घरी खाणारी तोंडं, राहण्याचा पत्ता, किती दिवस आत, सगळं लिहा. परजिल्ह्यातला जामीनदार नाकारला असेल तर मोती राम खटल्याचा निकाल (1978) दाखवा. तिथे एका गवंड्याकडे 10,000 चा जामीन मागितला होता आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून त्याला नाकारलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने 1,000 च्या जातमुचलक्यावर सोडलं.

बराक_क्र_४: जामीन भरल्यावरही गाडी अडते, ते सांगतो. आदेशात ‘शेख सलीम’ आणि तुरुंगाच्या नोंदीत ‘सलिम शेख’. झालं, कागद परत. आदेशातली कलमं आणि कोठडीच्या वॉरंटवरची कलमं आधी जुळवून घ्या. दुसऱ्या गुन्ह्याचं वॉरंट असेल तर एका जामिनाने काहीच होत नाही. ‘अजून कुठली केस आहे का’ हा पहिला प्रश्न. आणि सुटकेचा कागद तुरुंगाची संध्याकाळची पेटी (सुटकेचे आदेश टाकायची) उघडून गेल्यावर पोचला तर ती रात्र आतच.

सह्याद्री_७: आणि ज्यांना जामीनच मिळालेला नाही?

काळा_कोट: बीएनएसएसचं कलम 479. पहिल्यांदाच गुन्हा असेल तर कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश, एरवी निम्मी मुदत आत काढली की जामिनावर सुटका. साध्या चोरीला कमाल 3 वर्षं, म्हणजे पहिलाच गुन्हा असलेल्याला 1 वर्ष. घरातल्या चोरीला 7, म्हणजे 28 महिने. फाशी-जन्मठेपेचे गुन्हे यात नाहीत, एकाहून जास्त केसेस असल्या तरी नाही. 1 जुलै 2024 ला ही संहिता लागू झाली, पण त्याआधीच्या गुन्ह्यांनाही हे लागू. मुदत भरली की अर्ज अधीक्षकाने करायचा आहे, म्हणून त्यांना लेखी पत्र द्या आणि पोच घ्या. तोंडी सांगितलेलं कोणाच्या लक्षात राहत नाही.

पोच_पावती: पैशांसाठी केंद्राची 2023 ची गरीब कैद्यांची योजना आहे, 2023 च्या नियमांत कच्च्या कैद्याला 40,000 पर्यंत होते. अमली पदार्थ, यूएपीए (बेकायदा कारवाया प्रतिबंधक कायदा), मनी लाँडरिंग वगळून. पण निर्णय जिल्हा समितीकडे, बैठक कधी होईल त्यावर सगळं. माझ्या मते आधी अट शिथिल करून घ्यावी. आणि दर तिमाहीला माहिती अधिकारात एवढंच विचारा: जामीन मिळून 7 दिवसांवर गेलेले किती, आणि त्यातल्या किती जणांची माहिती प्राधिकरणाला कळवली? नावं मागू नका, नुसते आकडे. तारखांसकट ते आकडे प्राधिकरणाच्या सचिवांना जोडून द्या.