मदत हवी आहे: मतदानानंतर नागरिकाच्या हातात काय उरतं, हे कसं समजावू?

नमस्कार मंडळी. पहिल्यांदाच मत देणाऱ्या मुलामुलींसाठी तासाभराचं सत्र घ्यायचंय. "मत द्या" एवढं सांगून थांबायचं नाही. दोन निवडणुकांच्या मधल्या काळात सरकारवर दबाव कसा येतो, ते दाखवायचंय.

स्वित्झर्लंडपासून सुरुवात करणार आहे. तिथे संसदेने केलेल्या कायद्याविरुद्ध १०० दिवसांत ५०,००० सह्या जमल्या की सार्वमत घ्यावंच लागतं. खरी मेख पुढे आहे. सार्वमताच्या नुसत्या धास्तीने मसुद्यातच तडजोडी होतात. याउलट ब्रिटनच्या संसदेकडे ऑनलाइन याचिका केली, तर १०,००० सह्यांवर सरकारचं उत्तर मिळतं आणि १ लाखावर चर्चेचा विचार होतो. बंधन कसलंच नाही. मुलं हे लगेच पकडणार!

आयर्लंडचं उदाहरणही घेतलंय. ९९ सामान्य नागरिकांच्या सभेने गर्भपाताच्या प्रश्नावर शिफारस केली आणि २०१८ मध्ये सार्वमतातून राज्यघटना बदलली.

अडलंय ते हरकती-सूचनांपाशी, म्हणजे सरकारने नियमाचा मसुदा जाहीर केल्यावर त्यावर नागरिक पाठवतात त्या पत्रांपाशी. "आमचा विरोध आहे" अशी एकाच मजकुराची शेकडो पत्रं गठ्ठ्यात जातात. कलम क्रमांक, नेमका आक्षेप आणि पर्यायी शब्दरचना दिलेलं एक पत्र टाळणं अवघड जातं, असं माझं मत. हे वर्गात करून कसं घ्यावं? एखादा छोटा मसुदा बनवून देऊ का? कुणाची हरकत अंतिम नियमात उतरली असेल, तर त्यात काय लिहिलं होतं ते जरूर सांगा.