पुण्याहून दोन दिवस जुन्नर: शिवनेरी, नाणेघाट आणि माळशेज एका ट्रिपमध्ये बसतील का?

कोथरूडकर_७७

नमस्कार मंडळी. गणपती झाल्यावरच्या शनिवार-रविवारी जुन्नर भागात जायचं ठरवतोय. स्वतःची गाडी आहे, सोबत बायको, आठ वर्षांची मुलगी आणि आई. आईचे गुडघे दुखतात पण तिला लेण्याद्रीच्या गणपतीला जायचंच आहे, मुलीला शाळेत चौथीत शिवाजी महाराज येणार म्हणून शिवनेरी आत्ताच दाखवायचाय, आणि मला स्वतःला नाणेघाट बघायचाय, कित्येक वर्षं राहून गेलाय. बायको म्हणते माळशेज पण घ्या, एवढं लांब जाऊन धबधबे नाही बघायचे का. शनिवारी सकाळी शिवनेरी, दुपारी लेण्याद्री-ओझर, रविवारी माळशेज आणि मग नाणेघाट करून रात्री पुणे असं डोक्यात आहे. जमेल का? मुक्काम कुठे करावा? आई आणि मुलगी सोबत असल्याने फार दमणूक नको.

घाटवाटा

जमेल पण रविवारी तुम्ही दिवसभर गाडीतच असाल. माळशेज एका दिशेला आणि नाणेघाट दुसऱ्या, दोन्ही करून संध्याकाळी चाकणच्या ट्रॅफिकमध्ये सापडलात तर घरी पोचेपर्यंत मुलगी रडायला लागेल.

माझं म्हणणं असं की क्रम उलटा करा, नाणेघाट पहिला. शनिवारी पहाटे पाचला निघा, चाकण, मंचर, नारायणगाव करत जुन्नर गाठा, ते साधारण ९५ किमी, आणि जुन्नरला न थांबता थेट पश्चिमेला आपटाळे-घाटघर रस्त्याने नाणेघाट, तो आणखी तीसेक किमी. गर्दी यायच्या आत पोचाल. आणि क्रम उलटा म्हणतोय त्याला दुसरं पण कारण आहे. हा सगळा परिसर म्हणजे एकच जुनी वाट आहे. कल्याण-सोपाऱ्याच्या बंदरांवर उतरलेला माल याच घाटाने वर चढायचा आणि जुन्नरच्या बाजारात यायचा. जीवधन, चावंड, हडसर, शिवनेरी हे किल्ले त्या वाटेवर नजर ठेवून बसलेत. आणि त्या व्यापाऱ्यांनी, कारागिरांनी दिलेल्या दानातून आजूबाजूच्या डोंगरांत लेणी खोदली गेली. घाटाच्या तोंडापासून जुन्नरकडे येत बघितलंत तर शिवनेरी तिथेच का आहे हे मुलीला वेगळं सांगावं लागणार नाही, तिला ते दिसेल.

नाणेघाटात पठारावर गाडी लावून चिंचोळ्या खिंडीतून फरसबंदीने खाली उतरायचं, थोडंच अंतर आहे. वरच एक मोठा दगडी रांजण आहे, त्यात जकात टाकायचे असं सांगतात. खाली उजवीकडे-डावीकडे बघत घाई करू नका, थेट गुहेत जा. डाव्या आणि उजव्या भिंतीवर ब्राह्मी लिपीत नागनिकेचा लेख आहे, सातवाहन राजा सातकर्णीची राणी. कुठले यज्ञ केले, दक्षिणा म्हणून किती गाई, किती घोडे, किती कार्षापण (त्या काळची नाणी) दिले असा सगळा हिशोब भिंतीवर कोरलाय, आणि ते आकडे म्हणजे आपल्या अंकांच्या सगळ्यात जुन्या नमुन्यांपैकी आहेत. मागच्या भिंतीवर राजघराण्यातल्या लोकांच्या मूर्ती होत्या, त्या गेल्या, वर कोरलेली नावं तेवढी राहिलीत. दोन हजार वर्षांपूर्वीचं आहे हे. मोबाईलचा टॉर्च बाजूने तिरका मारा म्हणजे अक्षरं उठून दिसतात, आणि कृपया कोणीही अक्षरांवर हात फिरवू नका, खडू लावू नका, लोक खरंच लावतात.

परत येताना पूरला कुकडेश्वर बघा, कुकडी नदीचा उगम तिथलाच. जुनं दगडी मंदिर, कोरीव काम शांतपणे बघण्यासारखं आहे आणि आईंना चढायला काही नाही. तिथून माणिकडोहच्या पाण्याच्या कडेने जुन्नर. मुक्काम जुन्नरलाच करा.

माहेर_ओतूर

वरच्यांचं बरोबर आहे पण माळशेजला एकदम काट मारू नका हो, वहिनींचं पण मन राखा 🙂 घाट पूर्ण उतरायची गरजच नाहीये. जुन्नरहून गणेश खिंडीतून मढला निघा, घाटमाथ्यापर्यंत जा, पिंपळगाव जोगा धरणाचं पाणी आणि हरिश्चंद्रगडाची रांग बघा आणि आळेफाट्यावरून परत फिरा. वाटेत आमचं ओतूर लागतं, तुकाराम महाराजांचे गुरू बाबाजी चैतन्य यांची समाधी आणि कपर्दिकेश्वर तिथे आहे, श्रावणी सोमवारी तांदळाच्या पिंडी करतात ते बघायला गर्दी होते, तुम्ही याल तेव्हा शांत असेल. फक्त पाऊस जोरात असेल तर घाटात जाऊच नका, दरडी येतात, आणि धबधब्याखाली गाडी थांबवून फोटो काढणारे असतात त्यांच्यात तर अजिबात नको, वळणावर मागून येणाऱ्या ट्रकला दिसत नाही.

जेवायला मासवडी घ्या. आमच्या भागाची खासियत आहे ती, बेसनाच्या पोळीत तीळ-खोबऱ्याचं सारण आणि सोबत झणझणीत रस्सा, घाईत मिसळ खाऊन निघून जाऊ नका.

आईंसाठी लेण्याद्रीला डोली मिळते. पायऱ्या तीनशेच्या आतबाहेर आहेत, पायथ्याशी भाव आधी ठरवून घ्या. गिरिजात्मजाचं मंदिर म्हणजे मुळात बौद्ध विहार, एवढा मोठा मंडप आणि मधे एकही खांब नाही, आणि शेजारीच स्तूप असलेला चैत्य, म्हणजे बौद्धांचं प्रार्थनागृह, आहे तो पण बघा, बरेच जण दर्शन घेऊन तसेच उतरतात.

कोथरूडकर_७७

खूप खूप धन्यवाद, एवढं सविस्तर कोणी सांगत नाही. नाणेघाट पहिला हे एकदम पटलं. दोन शंका आहेत. नाणेघाटाच्या खिंडीत आई उतरू शकेल का? आणि शिवनेरीला तिला खाली बसवून आम्ही तिघांनी जाणं बरं की नेऊ?

घाटवाटा

खिंडीत नको. दगड गुळगुळीत झालेत आणि त्या दिवसांत ओले असतात, तुम्ही मुलीचा हात धरूनच उतरा. आईंना पठारावरच बसू द्या, समोर जीवधन आणि त्याचा वानरलिंगी सुळका दिसतो, वारा असला तर धबधब्याचं पाणी खालून वर उडताना दिसतं. छत्री उपयोगाची नाही तिथे, रेनकोट घ्या. पेट्रोल जुन्नरला भरून घ्या.

शिवनेरीला गाडी बरीच वर जाते, पुढे पायऱ्यांची वाट आहे, सात दरवाजे लागतात. आईंना जमेल तेवढे दरवाजे चढू द्या, शिवाई देवीपर्यंत पोचल्या तरी पुष्कळ झालं, महाराजांचं नाव ज्या देवीवरून ठेवलं असं सांगतात ती हीच. तुम्ही पुढे अंबरखाना (धान्याचं कोठार), गंगा-जमुना टाक्या आणि जन्मस्थान बघा, १६३० मध्ये महाराज जिथे जन्मले ती जागा. मग कडेलोटाकडे जाऊन मुलीला लेण्याद्री, चावंड, जीवधन ओळखायला लावा, आदल्या दिवशी बघून आलेले असतील. एक गोष्ट, कड्यात आग्या मोहोळं आहेत, सेंट मारून जाऊ नका आणि आरडाओरडा नको.

उतरल्यावर तासभर असेल तर तुळजा लेणी बघा, जुन्नरपासून अगदी जवळ. आत गोल चैत्य आहे, भोवती बारा साधे अष्टकोनी खांब. असा गोल चैत्य फार कमी ठिकाणी आहे आणि तिथे बऱ्याचदा कोणीसुद्धा नसतं.

नारायणगाव_बायपास

उशिरा लिहितोय पण एक महत्त्वाचं. सगळीकडे ऊस आहे आणि बिबट्यांचा वावर खरा आहे, माणिकडोहला बिबट निवारा केंद्र उगाच नाही केलेलं. अंधार पडायच्या आत मुक्कामी पोचा, आणि रात्री रस्त्याच्या कडेला उसाजवळ मुलीला लघवीला वगैरे उतरवू नका. मुलीला आवडेल असं अजून एक म्हणजे खोडदची रेडिओ दुर्बीण, जीएमआरटी, ४५ मीटर व्यासाच्या ३० डिश आहेत. आत जायला आधी परवानगी लागते पण रस्त्यावरूनसुद्धा त्या आकाशाकडे तोंड करून उभ्या दिसतात. ओझरहून परत येताना फार वाट वाकडी होत नाही. माळशेज केलंत तर मात्र हे राहील, दोन्हीतलं एकच धरा, आणि रविवारी चारच्या आत नारायणगाव सोडा.